कृष्णाबाईच्या बादलीतली निवटी

चेंबूरच्या मासळी बाजारात येऊन कोणी विचारलं, "ती मारून देणारी कोळीण कुठं बसते हो?" की समजायचं, गिऱ्हाईक कृष्णाबाईचं. मी तिच्या शेजारीच बसते. माझा धंदा किरकोळ. नारळ, कोकम, आलं-मिरची-कोथिंबीर. बावीस वर्षं आम्ही दोघी एकाच पत्र्याखाली बसतोय आणि त्यातली निम्मी वर्षं आमचा अबोला असेल. तिच्या ओट्यावरचं पाणी माझ्या कोथिंबिरीच्या जुड्यांखाली येतं. मी ओरडते, ती ऐकू न आल्यासारखं करते. मग दुपारी स्वतःच डब्यातली बोंबलाची आमटी माझ्यापुढं सरकवते, की मिटलं.

मारून देणारी म्हणजे काय ते सांगते. इतर कोळणी चिंबोरी, म्हणजे खेकडा, जिवंत देतात, नांग्या सुतळीने बांधून. गिऱ्हाईक पिशवीत घालून नेतं. मग घरी गेल्यावर कोणी ती तशीच उकळत्या पाण्यात सोडतं, कोणी पाहुणे उद्या येणार म्हणून रात्रभर फ्रिजात कोंबतं. कृष्णाबाईला हे बिलकूल चालत नाही. ती आधी चिंबोरी उचलून गिऱ्हाइकाच्या तोंडापुढं धरते. "बघितलीस जिती? डोल्यांनी बघितलीस ना?" मग उलटी करते, पोटाखालच्या झापेत कोयत्याचं टोक टेकवते आणि एकदाच दाबते. पाय लुळे पडतात. मग पिशवी. "आता तासाभरात चुलीवर टाक. उद्या खायची असंल तर उद्या ये."

गिऱ्हाइकं कुरकुरतात, काही निघूनही जातात. मी तिला कितीदा म्हटलं, "अगो, शेवटी मरायचीच ना ती? चिंबोरीला काय त्याचं? कशाला गिऱ्हाईक तोडतेस?"

"चिंबोरीला काय त्ये चिंबोरीच सांगंल," ती म्हणायची. "मारतंय मी. तर निदान नीट मारतंय."

तिचं माहेर खारदांड्याचं, सासर माहुलचं. नवरा जाऊन बारा वर्षं झाली. मुलगा प्रज्योत कंपनीच्या गाडीवर ड्रायव्हर, सून जान्हवी एका मॉलमध्ये कपड्यांच्या दुकानात. आणि नात रोशनी, आठ वर्षांची. तिच्याकडं येतेच मी. पण आधी तो मोबाइलवाला सांगते, नाहीतर तुम्हाला आमची कृष्णाबाई कळायची नाही.

गेल्या वर्षीची गोष्ट. एक चांगला पस्तिशीचा बाप्या काठीला मोबाइल लावून आला. म्हणे, "मावशी, यातली एक कोळंबी जिवंत खाऊन दाखवा ना. परदेशात खातात. तुम्ही तर कोळी, तुम्हाला काय! झकास व्हिडिओ होईल."

कृष्णाबाईने कोयता खाली ठेवला. "आमी कोली म्हंजे तुना मांजर वाटलाव काय रे?"

"नाही म्हणजे, फ्रेश असतं ना..."

"फ्रेश! शेताडीची, खाडीकाठच्या तल्यातली कोलंबी ही. त्या पानीत काय काय असतं तुना म्हाईत हाय? तू खा. खा ना. मी तुजा फोन धरतंय." असं म्हणून तिने एक वळवळती कोळंबी त्याच्या नाकापुढं धरली. बाप्या दोन पावलं मागं गेला तो माझ्या नारळांच्या ढिगात. सगळा बाजार हसत होता. तिला मात्र हसू आलं नाही. तो गेल्यावर म्हणाली, "मालन, आयुष्यभर मासलीचा जीव घेतला मी. म्हनून सांगतंय. तरफरतंय ते तोंडात घालून मजा करायची, ही काय रीत झाली?"

तर अशी ही बाई. आणि हीच बाई या वर्षी होळीनंतर मला म्हणाली, "रविवारी माज्यासंगती मानखुर्दला येशील काय? रोशनीला जिता मासा गिलवायचा हाय."

मी हातातला नारळ खाली ठेवला. खरंच ठेवला.

रोशनीला दमा. थंडीत धुरकट हवा बसली की पोर कासावीस. पालिकेच्या दवाखान्यातल्या डॉक्टरीणबाईंनी पंप दिलेला, तो लावायची प्लास्टिकची नळी दिलेली. पण कोळीवाड्यात एकीने नाही, दहाजणींनी सांगितलं, पंप एकदा लागला की जन्माचा लागतो. पोरीची जात, उद्या लग्न कोण करील? म्हणून कृष्णाबाईने तो पंप फळीवर मसाल्याच्या डब्यामागं ठेवून दिला होता. अगदीच जीवावर आलं तर काढायचा. जान्हवीला हे पसंत नव्हतं, पण दिवसभर ती दुकानात उभी, पोर आजीकडं. बोलणार कोणाला?

जानेवारीत एकदा जीवावर आलंच. त्यानंतर दोन दिवसांनी कृष्णाबाई बाजारात आली ती डोळे सुजवून. मला म्हणाली, "मासा जाल्यातून काढून टोपलीत टाकल्यावर करतो ना, तशी करत होती गो पोर. तोंड उघडं, आत काय जात नाय. आणि मी बघत बसलंय. जान्हवी आली नि तिनं पंप लावला, म्हनून वाचली." एवढं बोलून ती पदर तोंडाला लावून रडली. बावीस वर्षांत मी तिला नवऱ्याच्या बाराव्याला रडताना पाहिलं होतं, आणि त्या दिवशी. मला तिचा रागही आला आणि कीवही. फळीवर पंप असताना काय ही अक्कल! पण आधी तिला पाणी दिलं.

मग कोणीतरी तिला त्या वैद्याचं सांगितलं. चंद्रप्रकाश नावाचा. होळीनंतरच्या पहिल्या रविवारी मानखुर्दला एका मैदानात बसतो. बोटाएवढ्या जिवंत माशाच्या तोंडात पिवळं औषध भरतो आणि तो मासा रोग्याने सबंध गिळायचा. मासा वळवळत खाली जातो आणि जाता जाता छातीतला कफ साफ करतो म्हणे. तीन वर्षं गिळला की दमा गेला. माणूस फुकट देत होता, कोणाला फसवत होता असं मी म्हणणार नाही. त्याचा स्वतःचा त्या औषधावर विश्वास होता. मासा मात्र ज्याचा त्याने आणायचा.

"आणि तुझं ते नीट मारणं?" मी विचारलं. "त्याचं काय झालं?"

"नातीपुढं काय चाटायचं हाय त्याला?" ती म्हणाली. "तिचा श्वास मोकला झाला तर मी जिती सुसर पन गिलीन."

गेले. मीही झक मारली म्हणा. जायच्या आदल्या दिवशी जान्हवी दुकानातून थेट माझ्याकडं आली आणि माझ्या हातात एक रुमालाचं गाठोडं दिलं. आत पंप आणि नळी. "मावशी, तुमच्या पर्समध्ये ठेवा. आईंना सांगू नका. मी सुट्टी मागितली, मिळाली नाही." आणि नळीला पंप कसा लावायचा, किती वेळा दाबायचा, दोनदा करून दाखवलं. डोळ्यांत पाणी, पण आवाज एकदम ताठ.

रविवारी सकाळी नऊला आम्ही मैदानात. कृष्णाबाई, मी, रोशनी आणि रोशनीच्या हातात एक छोटी निळी बादली. प्रज्योतची ड्युटी होती. मैदानाच्या फाटकाशी लोक प्लॅस्टिकच्या पिशव्यांत मरळीची पिल्लं विकत होते. सगळी रांग तिथूनच घेत होती. मी म्हटलं, "घे बाई एक."

"मी?" कृष्णाबाईने माझ्याकडं असं पाहिलं, जसं काही मी तिला भीक मागायला सांगितलं. "कोलनीने मासा इकत घ्यायचा? आनि त्यो पन असला, अर्धमेला? बघ त्या पिशव्यांत, दहातले चार उलटे पडलेत. मेला मासा दिला तर औषध लागायचं नाय. माजी बघ."

बादलीत चिखलाच्या पाण्यात तीन निवट्या होत्या. पहाटे ओहोटीला स्वतः खाडीच्या चिखलात उतरून तिने हाताने पकडल्या होत्या. निवटी तुम्ही पाहिली नसेल तर सांगते. बोटभर लांब, बुळबुळीत, डोळे डोक्यावर, बेडकीसारखे. पाण्याबाहेर दिवसभर राहिली तरी मरत नाही, चिखलात उड्या मारत फिरते. कृष्णाबाईचं बरोबरच होतं. ऊन चढलं तसे रांगेतल्या लोकांच्या पिशव्यांतले मासे एकेक करून उलटे झाले, आणि आमच्या निवट्या अशा टवटवीत की विचारू नका. ती मोठ्या तोऱ्यात आजूबाजूच्यांना बादली दाखवत होती.

रांग काही सरकेना. रोशनी बादलीशी उकिडवी बसलेली. "आजी, ही डोळे मिचकावते बघ. माझ्याकडं बघून मिचकावते."

"मिचकावू दे. हात नको घालू."

"आजी, ही वर आली!"

एक निवटी बादलीच्या आतल्या बाजूला चिकटून वर चढत होती. सरळ उभ्या भिंतीवर. कृष्णाबाईने बोटाने तिला सोडवून खाली टाकलं. थोड्या वेळाने परत वर. परत खाली. असं किती वेळा झालं देव जाणे. मी पाहत होते, कृष्णाबाई पाहत होती, पोर तर खेळच खेळत होती. आणि आमच्या दोघींच्या टाळक्यात काही म्हणजे काही शिरलं नाही.

रोशनी मध्येच म्हणाली, "आजी, मी गिळल्यावर ती आत जिवंत राहील?"

कृष्णाबाईने बादली आपल्या बाजूला ओढली.

"तिला आत अंधार वाटेल."

"गप गो. औषध हाय त्ये."

पण तिचा चेहरा उतरला होता, मी पाहिलं. मी म्हटलं, "कृष्णाबाई, चल परत. अजून काही बिघडलं नाही." तर माझ्यावर खेकसली, "तू बाजूला हो. जानेवारीत तू नव्हतीस तितं."

आमच्या पुढं एक म्हातारे गृहस्थ होते. त्यांनी गिळला, ओकले, मासा बाहेर आला. मदतनिसाने तोच उचलून परत दिला. लोक हसले. म्हाताऱ्यांच्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं. मग आमचा नंबर.

वैद्य चंद्रप्रकाश पाटावर बसलेला, बोटं पिवळी झालेली, सकाळपासून दमलेला. त्याने बादलीत पाहिलं. "हा कुठला मासा?"

"खाडीचा. ताजा. अजून दोन दिवस मरायचा नाय," कृष्णाबाई म्हणाली.

"जिवंत आहे ना? मग चालेल."

त्याने निवटी उचलली, तिच्या तोंडात औषधाची गोळी दाबली. मदतनिसाने रोशनीचं नाक दाबलं. पोरीने तोंड उघडलं. कृष्णाबाईने तिला मागून धरलेलं. वैद्याने निवटी आत सोडायला हात नेला तर ती त्याच्या अंगठ्याला चिकटून बसली, सुटेना. त्याने झटकली, सुटेना. मग दुसऱ्या हाताने ओढून काढली आणि एकदम आत ढकलली.

त्याच क्षणी कृष्णाबाई किंचाळली, "नको!"

पण गेली होती. रोशनीचे डोळे मोठे झाले. आवाज नाही, खोकला नाही. हात नुसते हवेत. वैद्य म्हणतोय, "गिळ बाळ, गिळ, पाणी द्या हिला," आणि कोणीतरी खरंच पाण्याचा ग्लास पुढं केला. खोटं कशाला सांगू, मी नुसती उभी होते.

कृष्णाबाईने तो ग्लास उडवला. पोरीला खाली बसवलं, एका हाताने जबडा धरला आणि दुसऱ्या हाताची दोन बोटं सरळ घशात घातली. आयुष्यभर माशाच्या कल्ल्यांत बोटं घालून आतडी ओढून काढणारी बोटं ती. पोरीने जीव खाऊन दात रोवले. रक्त आलं. कृष्णाबाईने बोटं मागं घेतली नाहीत. आत चाचपलं, आकडा केला, पिळलं आणि ओढलं. निवटी बाहेर आली ती तिच्या बोटाला चिकटूनच.

रोशनीने आवाज करून श्वास घेतला. आणि मग खोकला, आणि मग तोच दमा, छाती भात्यासारखी, ओठ निळे. मी पर्स उघडायला लागले तर चेनच अडकली मेली! हिसडा दिला तेव्हा उघडली, गाठोडं सोडलं. कृष्णाबाईने पाहिलं, पंप पाहिला. कुठून आला, कोणी दिला, काही विचारलं नाही. रक्ताळलेला हात पुढं केला, "दे. दे लवकर."

जान्हवीने दाखवलं तसं केलं. एकदा. दोनदा. मध्ये थांबून परत. दहा मिनिटांनी पोरीच्या ओठांवर रंग आला. त्या दहा मिनिटांत मी किती देवांची नावं घेतली ते मलाच आठवत नाही. वैद्य बिचारा पाटावरून उठून उभा राहिलेला, हात जोडून. रांगेतले लोक मागं सरकलेले. कोणी एकाने म्हटलं, "कोळ्यांना जमलं नाही." माझं डोकंच फिरलं. मी त्याला काय काय बोलले ते इथं लिहिण्यासारखं नाही.

निवटी चटईवर पडलेली होती. तोंडात पिवळं औषध तसंच, पोट वरखाली होत होतं. रोशनीने तिच्याकडं पाहिलं आणि घोगऱ्या आवाजात म्हणाली, "आजी, तिला पण श्वास येत नाहीये."

कृष्णाबाई खाली वाकली. करंगळीच्या नखाने निवटीच्या तोंडातलं औषध उकरून काढलं, अगदी हळू, आणि तिला बादलीत सोडलं. मग तिथंच मातीत बसून नातीला छातीशी धरून रडली. "मना म्हाईत होतं गो मालन. खारदांड्याच्या चिखलात लहानपनापासून धरतंय मी त्यांना. ती चढतं, चिकटतं, खाली जात नाय कवाच. म्हाईत होतं मना! मी नुसतं ती मरत नाय एवढंच बघितलं."

मी तरी काय, सकाळभर डोळ्यांपुढं चढतानाच पाहत होते की.

तिथून आम्ही रिक्षाने थेट हॉस्पिटलात गेलो. घसा सोलवटला होता. दुसऱ्या दिवशी तापही आला आणि जुलाबही, खाडीच्या चिखलाचं पाणी पोटात गेलेलं. चार दिवस सलाइन. तिथल्या डॉक्टरांनी आम्हाला चांगलं फैलावर घेतलं. म्हणाले, नशीब समजा. मासा श्वासनलिकेत अडकून माणसं गेलेली आहेत. शिवाय कच्च्या, जिवंत माशाच्या पोटात किडे असतात, शिजवलं की मरतात, गिळलं की आपल्यात राहतात. आणि पंपाची सवय लागत नाही, आजी. सवय दम्याची असते, पंप फक्त वाट मोकळी करतो. कृष्णाबाई खालमानेने ऐकत होती. बोटांना पट्टी बांधलेली.

जान्हवी आली तेव्हा मला वाटलं, आता कडाक्याचं भांडण. तिने सासूकडं पाहिलं, पट्टीकडं पाहिलं. कृष्णाबाईच आधी बोलली, "तुजं बरोबर होतं. पंप लपवला ती मी." जान्हवी तिच्या शेजारी बसली आणि सासूच्या खांद्यावर तिने डोकं टेकलं. प्रज्योत दाराशी उभा राहून डोळे पुसत होता.

आता रोशनी बरी आहे. दमा आहे, तो आहेच, पण रोज सकाळी पंप घेऊन शाळेत जाते. एक पंप शाळेच्या दप्तरात, एक घरी खालच्या फळीवर, पोरीच्या हाताला येईल असा. आणि एक कृष्णाबाईच्या ओट्यावर, कोयत्याच्या शेजारी, डबीत, कारण सुट्टीत पोर तिथंच असते. त्या तीन निवट्या तिने त्या रविवारी संध्याकाळीच खाडीत सोडल्या. मी चिडवलं, "आता निवटी विकायची बंद करणार काय तू?" तर म्हणाली, "येडी हायस काय? धंदा हाय माजा." आणि विकतेच. डोक्यावर कोयत्याची मूठ, एकच फटका, मग पिशवी.

तिच्या उजव्या हाताच्या दोन बोटांवर दातांचे वण राहिलेत, वरून चार, खालून तीन. परवा एक नवी बाई चिंबोरी घ्यायला आली, तिची नजर तिथं गेली.

"काय हो मावशी, चिंबोरी चावली वाटतं?"

कृष्णाबाईने हात उलटासुलटा करून पाहिला. मागं बसून रोशनी माझ्या कोथिंबिरीच्या जुड्या बांधत होती, तिच्याकडंही पाहिलं.

"नाय गो बाय," ती म्हणाली, "नात चावली. चावली म्हनून तर कललं मना, पोर अजून जिती हाय."